गेममधला ओव्हरले उघडत नाही? ड्रायव्हर उडवण्याआधी हे तपासा

गेममध्ये एनव्हिडियाची फिल्टरची पट्टी उघडायला ऑल्ट आणि एफ३ दाबलं. काही नाही. पुन्हा दाबलं, जरा जोर लावून. तरी नाही. मग मी जे करायला नको होतं तेच केलं. ग्राफिक्स ड्रायव्हर काढून टाकला, नवा उतरवला, मशीन रीस्टार्ट केलं आणि तरीही फिल्टरची पट्टी पडद्यावर येईना म्हणून सगळा उपद्व्याप दुसऱ्यांदा केला. रात्री साडेअकराला डोक्यात प्रकाश पडला. त्या लॅपटॉपवरचं ते बटण मुळात एफ३ नव्हतंच, ते आवाज वाढवायचं बटण होतं. एफ३ हवं असेल तर सोबत एफएन दाबावं लागत होतं.

ओव्हरले, म्हणजे चालू गेमच्या वर दिसणारी खिडकी, पट्टी किंवा आकडे, उघडला नाही की हात आधी ड्रायव्हरकडेच जातो. खरं तर ड्रायव्हर सगळ्यात शेवटी बघायचा. बटण दाबल्यापासून पडद्यावर काहीतरी दिसेपर्यंत मध्ये चार टप्पे असतात. बटणाचा संदेश पोहोचणं, तो ऐकायला मागे एखादा प्रोग्रॅम जागा असणं, त्या प्रोग्रॅमला गेमच्या आत शिरता येणं आणि शिरल्यावर गेमच्या चित्रावर स्वतःचं चित्र काढता येणं. कुठला टप्पा तुटलाय हे आधी ठरवलं, तर दुरुस्ती बहुतेक वेळा दोन मिनिटांची निघते.

आत काय चालतं, थोडक्यात

गेम प्रत्येक फ्रेम तयार करतो आणि डायरेक्टएक्सच्या (गेम ज्या ग्राफिक्सच्या भाषेत कार्डाशी बोलतो तिच्या) 'प्रेझेंट' नावाच्या फंक्शनला हाक मारून ती पडद्याकडे सोपवतो. स्टीम, एनव्हिडिया, रिव्हाट्यूनर (गेमवर आकडे दाखवणारा), रीशेड (रंगांचे फिल्टर चढवणारं) यांसारखे ओव्हरले स्वतःची एक डीएलएल फाइल, म्हणजे दुसऱ्या प्रोग्रॅमच्या आत चालणारा कोडचा तुकडा, गेमच्या प्रोसेसमध्ये घुसवतात आणि नेमक्या त्या हाकेच्या वाटेवर बसतात. फ्रेम पुढे जायच्या आत तिच्यावर आपली खिडकी, आकडे किंवा रंगांचा फिल्टर चढवतात. व्हल्कन या दुसऱ्या ग्राफिक्स भाषेवर चालणाऱ्या गेममध्ये हेच काम 'लेयर' पद्धतीने होतं.

म्हणजे ओव्हरले हा दुसऱ्याच्या घरात शिरलेला पाहुणा आहे. घरमालकाने दार उघडलं नाही, पाहुण्याला पत्ता चुकीचा मिळाला, किंवा दारात आधीच चार जण उभे असले, की तो बाहेरच राहतो. विंडोजचा एक्सबॉक्स गेम बार मात्र वेगळ्या जातीचा आहे. तो गेममध्ये न शिरता विंडोजच्या आधाराने वरच्या थरात उभा राहतो. म्हणूनच तो तपासणीला फार उपयोगी पडतो, हे पुढे येईलच.

पायरी १ : गेम बंद करून डेस्कटॉपवर दाबून बघा

एनव्हिडियाचा ओव्हरले ऑल्ट आणि झेडने उघडतो. एएमडीचं ॲड्रेनालिन सॉफ्टवेअर ऑल्ट आणि आरने पूर्ण उघडतं, तर ऑल्ट आणि झेडने फक्त बाजूची पट्टी येते. गेम बारसाठी विंडोज आणि जी. हे तिन्ही साध्या डेस्कटॉपवरसुद्धा उघडतात. स्टीमचा शिफ्ट आणि टॅबवाला ओव्हरले, रिव्हाट्यूनर आणि रीशेड यांना मात्र चालू गेम लागतोच, त्यामुळे डेस्कटॉपवर ते आले नाहीत म्हणून घाबरू नका.

डेस्कटॉपवर उघडला आणि गेममध्ये नाही, तर बटण आणि मागचा प्रोग्रॅम दोन्ही ठीक आहेत. दोष बहुधा गेममध्ये शिरण्यात आहे, तेव्हा थेट पायरी ४ वर जा. डेस्कटॉपवरही उघडला नाही, तर गेमला हात लावायची गरज नाही. पुढच्या दोन पायऱ्या तुमच्यासाठी.

दुसरी खूण गेम सुरू होताना मिळते. स्टीम आणि एनव्हिडिया पडद्याच्या कोपऱ्यात 'हे बटण दाबा' अशी छोटी सूचना दाखवतात आणि रीशेड वरच्या कडेला पट्टी दाखवतं. या सूचना सेटिंग्जमधून बंद केलेल्या नसतील, तर त्यांच्यावर बराच भरवसा ठेवता येतो. सूचना आली म्हणजे ओव्हरले आत शिरलेला आहे, फक्त बटण पोहोचत नाहीये. सूचनाच आली नाही, तर तो आत शिरलेलाच नाही.

पायरी २ : बटणं

हसू नका, निम्मी प्रकरणं इथेच मिटतात असा माझा अनुभव आहे. लॅपटॉपवर एफएन सोबत दाबून बघा. बहुतेक लॅपटॉपमध्ये एफएन लॉक असतं, काहींमध्ये एफएन आणि एस्केप दाबून ते बदलतं. गेमिंग कीबोर्डवर 'गेम मोड' नावाचं बटण किंवा विंडोज बटणाला कुलूप लावणारी सोय असते. ती चालू असताना विंडोज आणि जी कितीही वेळा दाबा, संदेश कीबोर्डच्या बाहेरच पडत नाही.

मराठीत टाइप करणाऱ्यांनी आणखी एक बघावं. गेम चालू असताना इनपुटची भाषा मराठीवर राहिली असेल, तर विंडोज आणि स्पेस दाबून इंग्रजीवर या आणि मग चाचणी घ्या. ऑल्ट आणि शिफ्ट एकत्र दाबल्याने भाषा बदलते, आणि गेममध्ये ही दोन बटणं नकळत एकत्र दाबली जातातच.

आता एक खरा गोंधळ. प्रोसेसरमधलं ग्राफिक्स एएमडीचं आणि वेगळं कार्ड एनव्हिडियाचं, असे लॅपटॉप भरपूर आहेत. त्यात दोन्ही कंपन्यांचं सॉफ्टवेअर ऑल्ट आणि झेडवर हक्क सांगतं. ऑल्ट आणि आरचंही तसंच, एनव्हिडियाकडे ते कामगिरीचे आकडे दाखवण्यासाठी आहे. आधी जो जागा होतो तो बटण पटकावतो, म्हणून एक दिवस ओव्हरले उघडतो आणि दुसऱ्या दिवशी नाही. उपाय सोपा आहे. ॲड्रेनालिनच्या सेटिंग्जमध्ये हॉटकीजच्या पानावर जाऊन तिकडची जोडणी बदला किंवा काढून टाका.

शॉर्टकट तुम्हीच कधीतरी बदलला आणि विसरलात, असंही होतं. ओव्हरलेच्या सेटिंग्जमध्ये जाऊन तिथे काय लिहिलंय ते डोळ्यांनी बघा. शंका असेल तर गेममध्ये कशालाच न वापरलेली जोडणी द्या, उदाहरणार्थ कंट्रोल, शिफ्ट आणि एफ१०.

पायरी ३ : मागचा प्रोग्रॅम आहे का आणि जागा आहे का

पहिला प्रश्न बावळट वाटेल, पण विचारायलाच हवा. ओव्हरले तुमच्या मशीनवर आहे का? एएमडीच्या इन्स्टॉलरमध्ये पूर्ण, मोजकं आणि 'ड्रायव्हर ओन्ली' असे पर्याय येतात. शेवटचा निवडला की ॲड्रेनालिन बसतच नाही, मग ऑल्ट आणि आर दाबून उघडणार काय? एनव्हिडियाचंही तसंच, नुसता ड्रायव्हर टाकला तर ओव्हरले येत नाही. तिथे आणखी एक बदल झालाय. जुन्या जीफोर्स एक्स्पीरियन्सची जागा आता एनव्हिडिया ॲपने घेतली आहे. त्याची बीटा आवृत्ती फेब्रुवारी २०२४ मध्ये आणि पक्की आवृत्ती नोव्हेंबर २०२४ मध्ये आली. जुनं सॉफ्टवेअर अजून धरून बसला असाल, तर ते दुरुस्त करण्यात वेळ घालवू नका, नवं ॲप टाका. त्याला लॉगिनही लागत नाही. ॲपच्या सेटिंग्जमध्ये एनव्हिडिया ओव्हरलेचा स्विच चालू आहे ना ते बघा. चालू असेल तर एकदा बंद करून पुन्हा चालू करा. अडकलेली प्रोसेस त्याने नव्याने उठते.

त्यानेही जमलं नाही, तर विंडोज आणि आर दाबून 'सर्व्हिसेस डॉट एमएससी' उघडा. यादीत 'एनव्हिडिया लोकलसिस्टिम कंटेनर' शोधा, त्यावर उजवं क्लिक करून रीस्टार्ट करा आणि स्टार्टअपचा प्रकार 'ऑटोमॅटिक' ठेवा. मशीन लवकर सुरू व्हावं म्हणून लोक या सर्व्हिसेस बंद करतात, आणि दोन महिन्यांनी ओव्हरले का उघडत नाही म्हणून डोकं धरून बसतात.

एएमडीवाल्यांची नेहमीची तक्रार वेगळी. सॉफ्टवेअर उघडताना 'आवृत्ती ड्रायव्हरशी जुळत नाही' असा संदेश येतो किंवा ते उघडतच नाही. विंडोज अपडेटने गुपचूप स्वतःचा ड्रायव्हर वर बसवला की असं होतं. एएमडीच्या संकेतस्थळावरून पूर्ण पॅकेज उतरवून पुन्हा बसवा, म्हणजे दोघांची जोडी जुळेल.

गेम बारच्या बाबतीत 'एमएस-गेमिंगओव्हरले' ही लिंक उघडायला नवं ॲप हवं, अशी पाटी दिसली तर समजा की कुठल्यातरी 'विंडोज हलकं करा' छाप स्क्रिप्टने गेम बार उडवलाय. मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून तो परत घ्या. तो आहे पण मरगळलाय असं असेल, तर सेटिंग्जमधल्या इन्स्टॉल केलेल्या ॲप्सच्या यादीत त्याच्या प्रगत पर्यायांत जाऊन आधी 'रिपेअर' आणि नाहीच जमलं तर 'रीसेट' करा.

विंडोजची 'एन' आवृत्ती वापरत असाल, तर तिच्यात मीडियाचे भाग मुळातच नसतात, आणि ध्वनिचित्रमुद्रण करणारे ओव्हरले त्यावर अवलंबून असतात. सेटिंग्जमधल्या 'ऑप्शनल फीचर्स'मधून मीडिया फीचर पॅक घ्या आणि मशीन रीस्टार्ट करा.

पायरी ४ : गेमच्या आत शिरता येतंय का

खरं कोडं इथे आहे, म्हणून इथे वेळ द्या.

सगळ्यात आधी अधिकार तपासा. व्हिस्टापासून विंडोजचा एक नियम आहे : कमी अधिकाराचा प्रोग्रॅम जास्त अधिकाराच्या प्रोग्रॅममध्ये हात घालू शकत नाही. गेम 'रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर'ने चालतोय आणि स्टीम साध्या अधिकारांनी, तर स्टीमचा ओव्हरले दाराबाहेरच थांबणार. बऱ्याचदा बटणसुद्धा पोहोचत नाही. खात्री करायला टास्क मॅनेजरचा 'डीटेल्स' टॅब उघडा, वरच्या शीर्षकांवर उजवं क्लिक करून 'एलिव्हेटेड' हा रकाना निवडा आणि गेमसमोर व ओव्हरलेच्या प्रोसेससमोर काय लिहिलंय ते बघा. गेमला 'येस' आणि ओव्हरलेला 'नो' असेल तर चोर सापडला.

यावर नेटवर सर्रास मिळणारा सल्ला म्हणजे दोन्ही ॲडमिनिस्ट्रेटरने चालवा. मला तो पटत नाही. उलट दोन्हीचा अधिकार काढून घ्या. गेमच्या एक्झी फाइलवर उजवं क्लिक, प्रॉपर्टीज, 'कंपॅटिबिलिटी' टॅब आणि ॲडमिनिस्ट्रेटरची खूण काढा. गेम सुरू करणाऱ्या लाँचरचीही काढा, कारण लाँचरचे अधिकार गेमला वारशाने मिळतात. गेमला मशीनची किल्ली द्यायचं काही कारण नाही.

पुढचा प्रश्न, गेम कुठल्या ग्राफिक्सवर चालतोय? दोन ग्राफिक्स असलेल्या लॅपटॉपवर गेम प्रोसेसरमधल्या ग्राफिक्सवर चालत असेल, तर एनव्हिडियाच्या ओव्हरलेला त्यात काही करता येत नाही. टास्क मॅनेजरच्या 'प्रोसेसेस' टॅबमध्ये 'जीपीयू इंजिन' हा रकाना दिसू द्या. तिथे जीपीयू ० की जीपीयू १ ते कळतं आणि कुठला क्रमांक कुणाचा ते 'परफॉर्मन्स' टॅबमध्ये दिसतं. चुकीचा असेल तर सेटिंग्ज, सिस्टिम, डिस्प्ले, ग्राफिक्स या वाटेने जा, गेम यादीत घ्या, 'हाय परफॉर्मन्स' निवडा आणि गेम पुन्हा सुरू करा.

मग पूर्ण पडदा. गेमच्या सेटिंग्जमध्ये 'एक्सक्लूझिव्ह फुलस्क्रीन' असेल तर 'बॉर्डरलेस' (पडदाभर पसरलेली, पण साधी खिडकी) करून बघा. गेम बारला याचा विशेष फरक पडतो. बॉर्डरलेसमध्ये विंडोज आणि जी चालतं आणि फुलस्क्रीनमध्ये नाही, तर उत्तर मिळालंच. दोन मॉनिटर असतील तर ओव्हरले दुसऱ्या पडद्यावर उघडून तुमची वाट बघत बसलेला नाही ना, हेही एकदा बघून घ्या.

स्टीमसाठी स्विच दोन आहेत आणि दोन्ही चालू लागतात. एक स्टीमच्या सेटिंग्जमध्ये 'इन गेम' या पानावर, दुसरा त्या गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये. दुसऱ्याकडे कुणाचं लक्षच जात नाही. काही गेम स्टीममधून सुरू केल्यावर आधी स्वतःचा लाँचर उघडतात. अशा वेळी कधी कधी स्टीमचा ओव्हरले लाँचरमध्ये शिरून बसतो आणि खरा गेम मोकळाच सुटतो. लाँचर टाळायचा पर्याय गेममध्ये असेल तर तो घ्या. स्टीमबाहेरून घेतलेला गेम 'नॉन-स्टीम गेम' म्हणून लायब्ररीत जोडता येतो, पण मायक्रोसॉफ्ट स्टोअरमधून आलेल्या गेममध्ये हा उपाय बहुधा चालत नाही. तिथे गेम बारवर भागवा.

शेवटी ग्राफिक्सची भाषा. गेममध्ये डायरेक्टएक्स ११, १२ आणि व्हल्कन असे पर्याय असतील तर बदलून बघा. एकात ओव्हरले आला आणि दुसऱ्यात नाही, तर ओव्हरलेची आवृत्ती जुनी असू शकते.

एनव्हिडियाचे गेम फिल्टर, म्हणजे ऑल्ट आणि एफ३वाली पट्टी, हे वेगळं प्रकरण आहे. मुख्य ओव्हरले उघडतो पण ही पट्टी येत नाही किंवा 'सपोर्टेड गेम हवा' असं सांगते. काही गेममध्ये फिल्टर चालतच नाहीत, स्पर्धात्मक गेममध्ये विशेषतः. पण आधी ॲपच्या सेटिंग्जमध्ये 'गेम फिल्टर्स अँड फोटो मोड'चा स्विच बघा. डिसेंबर २०२४ मध्ये हा स्विच चालू असताना काही गेमचे एफपीएस (दर सेकंदाच्या फ्रेम) घसरतात असं उघड झालं आणि एनव्हिडियानेच तो बंद ठेवायला सांगितलं. तेव्हा अनेकांनी बंद केला आणि विसरले. चालू केल्यावर गेम पूर्ण बंद करून पुन्हा उघडा. चालू गेममध्ये फिल्टर मागाहून शिरत नाहीत.

पायरी ५ : दारातली गर्दी

स्टीम, एनव्हिडिया, रिव्हाट्यूनर, एपिक, शिवाय कीबोर्डच्या कंपनीचा एखादा, असे पाच पाहुणे एकाच 'प्रेझेंट'च्या वाटेवर बसले तर कुणीतरी पडणारच. नको ते काढा असं मी म्हणत नाही. आधी सगळे बंद करा, नुसती खिडकी मिटवू नका, घड्याळाजवळच्या चिन्हांवर उजवं क्लिक करून बाहेर काढा. मग फक्त हवा तो एक चालू ठेवून गेम उघडा. चालला, तर बाकीचे एकेक करून परत आणा आणि दरवेळी गेम नव्याने सुरू करा. ज्याच्या येण्याने बिघडलं तोच गुन्हेगार. अँटिव्हायरसच्या 'प्रोटेक्शन हिस्टरी'वरही एक नजर टाका. डीएलएल घुसवणं हे व्हायरसचंही लक्षण असल्याने ओव्हरलेची फाइल कधी कधी कोठडीत जाते.

पायरी ६ : रिव्हाट्यूनर आणि रीशेड

एमएसआय आफ्टरबर्नरने (तो ग्राफिक्स कार्डचे आकडे मोजतो आणि रिव्हाट्यूनरकरवी पडद्यावर दाखवतो) आकडे दिसत नाहीत, असं कुणी सांगितलं की मी आधी 'मॉनिटरिंग' टॅब उघडायला लावतो. तापमान, एफपीएस अशा प्रत्येक ओळीवर क्लिक करून 'शो इन ऑन-स्क्रीन डिस्प्ले' ही खूण वेगळी करावी लागते. खूण केलेल्या ओळीसमोर 'इन ओएसडी' असं दिसतं. एकाही ओळीसमोर ते नसेल, तर रिव्हाट्यूनर बिचारा गेममध्ये शिरलेला असतो, पण त्याच्याकडे दाखवायला काही नसतं. रिव्हाट्यूनरच्या खिडकीत 'शो ओन स्टॅटिस्टिक्स' चालू करा. त्याचे स्वतःचे आकडे दिसले तर दोष आफ्टरबर्नरच्या खुणांमध्ये आहे. तेही नाही दिसले तर 'ॲप्लिकेशन डिटेक्शन लेव्हल' 'लो'वरून 'मीडियम' किंवा 'हाय' करून बघा. आफ्टरबर्नर पुन्हा उतरवणार असाल तर एमएसआयच्याच संकेतस्थळावरून. त्याची नक्कल करणाऱ्या व्हायरसवाल्या पानाबद्दल कंपनीने २०२१ मध्ये जाहीर इशारा दिला होता.

रीशेड 'होम' बटणाने उघडतं, आणि कित्येक छोट्या कीबोर्डवर होम नसतंच. गेमच्या फोल्डरमधली रीशेडची आयएनआय, म्हणजे सेटिंग्जची, फाइल नोटपॅडमध्ये उघडा. 'इनपुट' या विभागात 'कीओव्हरले' अशी ओळ आहे, तिच्यात ३६,०,०,० असतं. ३६ हा होमचा क्रमांक. तिथे ४५ लिहिलंत तर इन्सर्ट आणि १२१ लिहिलंत तर एफ१० होईल. आकडे इंग्रजी लिपीतच लिहा.

सुरुवातीची पट्टीच येत नसेल तर फाइल बहुधा चुकीच्या जागी आहे. अनरियल इंजिनच्या गेममध्ये बाहेर दिसणारी एक्झी ही नुसती पाटी असते. खरी एक्झी आत 'बायनरीज' आणि त्याच्या आत 'विन६४' या फोल्डरमध्ये असते आणि रीशेड तिच्याच शेजारी बसवावं लागतं. ग्राफिक्सची भाषाही जुळायला हवी : डायरेक्टएक्स १०, ११, १२ साठी 'डीएक्सजीआय' नावाची डीएलएल, तर ९ साठी 'डी३डी९' नावाची.

पायरी ७ : गेमच नको म्हणतोय

ऑनलाइन गेमचं अँटीचीट, म्हणजे फसवणूक पकडणारं सॉफ्टवेअर, अनोळखी डीएलएल अडवतं, आणि ते त्याचं कामच आहे. काउंटर-स्ट्राइक २ 'ट्रस्टेड मोड'मध्ये चालतो, म्हणून रिव्हाट्यूनरसारखे ओव्हरले त्यात गप्प राहतात. रीशेडची ॲड-ऑनसह येणारी आवृत्ती तर एकट्याने खेळायच्या गेमसाठीच आहे. अँटीचीट बंद करून किंवा त्याला वळसा घालून ओव्हरले आणायच्या नादी लागू नका. खातं कायमचं जाऊ शकतं. बहुतेक ऑनलाइन गेममध्ये एफपीएस आणि पिंग दाखवायची आपली सोय असते, ती वापरा.

पायरी ८ : आता ड्रायव्हर

एवढं सगळं करून डेस्कटॉपवरही ओव्हरले येत नसेल, तर आता ड्रायव्हरला हात लावा. आधी सौम्य उपाय : एनव्हिडियाच्या इन्स्टॉलरमध्ये 'कस्टम' निवडून 'क्लीन इन्स्टॉलेशन'ची खूण करा. त्यानेही भागलं नाही तर ड्रायव्हर मुळापासून काढणारं डिस्प्ले ड्रायव्हर अनइन्स्टॉलर, म्हणजेच डीडीयू. नवा ड्रायव्हर आधीच उतरवून ठेवा. मग इंटरनेट तोडा, नाहीतर विंडोज अपडेट मध्येच आपला ड्रायव्हर घुसवतं. सेफ मोडमध्ये जाऊन डीडीयू चालवा, मशीन सुरू झाल्यावर ड्रायव्हर बसवा आणि मगच इंटरनेट जोडा. डिस्कला बिटलॉकर (विंडोजचं एन्क्रिप्शनचं कुलूप) लावलेलं असेल तर सेफ मोडमध्ये जाताना रिकव्हरी की मागितली जाऊ शकते. ती आधी हाताशी ठेवा.

ड्रायव्हर बसल्यावर लगेच जुन्या सेटिंग्ज आणि सगळे ओव्हरले परत आणू नका. रिकाम्या डेस्कटॉपवर, मूळच्या शॉर्टकटनेच, ऑल्ट आणि झेड एकदा दाबा. मग एक गेम, एक ओव्हरले. बाकीचे उद्या.